कर्ण विचारल्याशिवाय क्षेत्रफळ सांगू नकोस

बाळ,

तुझ्या टिपणांची वही दोनदा वाचली. पहिल्या दिवशी चुका दिसल्याच नाहीत, कारण आपल्या घरातली पोरगी भूमितीचे अल्गोरिदम शिकवायला उभी राहिली याचंच कौतुक मनात होतं. दुसऱ्या दिवशी पेन्सिल घेऊन बसले, तेव्हा दिसल्या. त्यातली एकही मला नवी नव्हती. फळ्यापुढे तीस वर्षं काढली, त्यात त्या सगळ्या माझ्या हातून झाल्या आहेत, म्हणून तर चटकन ओळखता आल्या. सुचेल तसं खाली लिहितेय. एका बैठकीत संपवू नकोस. लोणच्यासारखं रोज थोडं थोडं घे.

१. सूत्राआधी त्याची अट सांग — अट नसलेलं सूत्र म्हणजे कडी नसलेलं दार, वाटेल तो आकडा आत शिरतो.

२. नुसत्या चार बाजू देऊन चौकोनाचं क्षेत्रफळ कोणाला विचारू नकोस, आणि तुला कोणी विचारलंच तर आधी एक कर्ण माग — चार काठ्या टोकांशी बांधल्या की चौकट डुलते, आणि डुलत्या चौकटीचं क्षेत्रफळ एक नसतं.

इथे जरा थांबते, कारण तुझ्या पहिल्याच धड्यात हे निसटलंय. चारही बाजू २५ मीटरच्या आहेत असं धर. कोपरे काटकोनात असले तर शेत ६२५ चौरस मीटर. तेच शेत थोडं कललं, कर्ण ३० आणि ४० झाले, की ६००. आणखी कललं, कर्ण १४ आणि ४८ झाले, की ३३६. बांध चारही बाजूंनी तेवढाच, आणि सहा गुंठ्यांचं शेत सव्वातीन गुंठ्यांवर आलं! समोरासमोरच्या बाजूंची सरासरी काढायची आणि दोन सरासऱ्या गुणायच्या, ही रीत मी लहानपणी गावात पाहिली आहे. तिला या तिन्ही शेतांत ६२५ च दिसतात. शेत काटकोनी असेल तर ती बरोबर, नसेल तर हटकून जास्त दाखवते. कमी कधीच नाही. घेणाऱ्याचं त्यात नुकसान होतं, म्हणून ती रीत मला अजून खुपते.

हे काही मी शोधलेलं शहाणपण नाही. ब्रह्मगुप्तांनी ६२८ मध्ये चार बाजूंवरून क्षेत्रफळ काढायचं एक फार देखणं सूत्र दिलं, पण ते खरं ठरतं ते चारही कोपरे एका वर्तुळावर असतील तेव्हाच. भास्कराचार्यांनी ११५० च्या ‘लीलावती’त याच जागी बोट ठेवलं. लंब किंवा कर्ण न सांगता चौकोनाचं नेमकं क्षेत्रफळ विचारणाऱ्याला त्यांनी चक्क पिशाच्च म्हटलंय, आणि उत्तर देणाऱ्याला त्याहून वाईट. उत्तर देणारा जास्त दोषी, हे लक्षात ठेव. आपण शिकवणारी माणसं त्या बाजूला बसतो. चाळीसगावजवळच्या पाटण्याला त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढल्याचा शिलालेख आहे, १२०७ चा. एकदा तुला तिथे घेऊन जायचंय.

३. उत्तर स्थूल आहे की सूक्ष्म, ते उत्तराला लागूनच लिही — दोन्ही कामाची असतात, पण एकाच्या जागी दुसरं वाढलं की पंगत बिघडते.

४. जवळपासच्या आकड्याला जवळपासचा म्हणायला लाजू नकोस — आर्यभटांनी ४९९ मध्ये परीघ आणि व्यासाचं गुणोत्तर ६२८३२ भागिले २०००० दिलं, म्हणजे ३.१४१६, आणि एवढ्या बारीक आकड्यालाही ‘आसन्न’ म्हटलं. भास्कराचार्यांनी २२/७ ला स्थूल आणि ३९२७/१२५० ला सूक्ष्म म्हणून वेगळं ठेवलं.

५. मोठ्या नावाला पुरावा समजू नकोस, प्रत्येक सूत्र एकदा स्वतः ताडून बघ — त्याच आर्यभटांच्या ग्रंथात त्रिकोणी पिरॅमिडचं घनफळ पाया गुणिले उंचीच्या निम्मं दिलंय, खरं ते एक तृतीयांश असतं. माझा त्यांच्याबद्दलचा आदर यानं तसूभर कमी झाला नाही, आणि ताडून बघायची सवय मात्र कायमची लागली.

६. आकृतीतला त्रिकोण मुद्दाम वाकडातिकडा काढ — समभुज काढलास की पोरं त्याची समानता सगळ्या त्रिकोणांच्या अंगाला चिकटवतात, आणि ती मग खरवडूनही निघत नाही.

७. आकृतीत ‘प’ असेल तर मजकुरातही ‘प’ च ठेव, मध्येच त्याचा ‘अ’ करू नकोस — दोन नावांचा बिंदू वाचकाला दोन बिंदू वाटतो. तुझ्या तिसऱ्या धड्यात हे दोनदा झालंय, लाल खूण केली आहे.

८. पहिल्या आकृतीवरच बाण काढून दाखव की क्ष कुठे वाढतो आणि य कुठे — कागदावर य वर जातो, संगणकाच्या पडद्यावर बहुधा खाली, आणि एवढ्यानं डावं वळण उजवं होऊन बसतं.

९. अक्षांश आधी की रेखांश आधी, हे दर पानावर लिहावं लागलं तरी लिही — बोलताना आपण अक्षांश आधी म्हणतो, नकाशाच्या पुष्कळ फायलींत रेखांश आधी असतो. मुंबई साधारण १९ उत्तर, ७३ पूर्व. आकडे उलटे घातलेस की ती नॉर्वेच्याही उत्तरेला गार समुद्रात जाऊन पडते.

१०. कोन अंशांत की रेडियनमध्ये, अंतर मीटरमध्ये की फुटांत, हे आकड्याच्या पाठीवर लिहून पाठव — एकक विसरला तो गाव चुकला. १९९९ मध्ये मंगळाजवळ पोचलेलं नासाचं एक यान याच कारणानं गेलं. एका गटानं पाउंडाच्या मापात दिलेला आकडा दुसऱ्यानं न्यूटनच्या मापात वाचला.

११. सगळ्यात आधी एकच प्रश्न शिकव: तीन बिंदूंवरून ओळीनं चालत गेलं तर वळण डावीकडे की उजवीकडे? — भूमितीचे निम्मे अल्गोरिदम हाच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारून चालतात. हा कच्चा राहिला तर पुढचं सगळं पाठांतर होतं.

१२. वळण ओळखायला उतारांची तुलना करू नकोस, वजाबाकी आणि गुणाकाराचं सूत्र घे — उभ्या रेषेला उतार नसतो, तिथे शून्यानं भागायची वेळ येते.

१३. वळण शून्य आलं, म्हणजे तिन्ही बिंदू एका रेषेत आले, तर काय करायचं ते त्याच पानावर सांग — रेषेवरचा बिंदू, घरभर भांडण. ‘असं सहसा होत नाही’ असं लिहून पुढे जाऊ नकोस. माणसांच्या घरांच्या भिंती, रस्ते, बांध सगळे सरळ रेषेत असतात. खऱ्या नकाशात हे सहसाच होतं.

१४. बिंदूंचे निर्देशक पूर्णांक असतील तर हिशेबही पूर्णांकातच ठेव — वळणाचं उत्तर मग नेमकं येतं, शंकेला जागाच राहत नाही.

१५. पण पूर्णांकाचं भांडं केवढं आहे ते आधी पाहून घे — ३२ बिटांत साधारण २१४ कोटींपर्यंतच मावतं, आणि ५०,००० गुणिले ५०,००० लाच २५० कोटी होतात.

१६. बहुभुजाचं क्षेत्रफळ शिकवताना ‘शिरोबिंदू क्रमानं घ्यावेत’ हे वाक्य ठळक लिही — सूत्र क्रमाचा आदर करतं, क्रम चुकला तरी तक्रार करत नाही.

हे पोरांना करून दाखव, नुसतं सांगू नकोस. चार कोपरे घे: (०,०), (४,०), (४,३), (०,३). प्रत्येक लगतच्या जोडीसाठी पहिल्याचा क्ष गुणिले दुसऱ्याचा य, त्यातून दुसऱ्याचा क्ष गुणिले पहिल्याचा य वजा. सगळ्यांची बेरीज, मग निम्मं. बुटाच्या नाडीसारखी तिरपी तिरपी ओवण. उत्तर १२, आयताचं क्षेत्रफळ. आता मधल्या दोघांची जागा बदल: (०,०), (४,३), (४,०), (०,३). तीच ओवण, तेच आकडे, आणि उत्तर शून्य! आकृतीचा बो-टाय झाला. एक पाकळी अधिक, दुसरी उणे. पोरांना ते शून्य स्वतःच्या हातानं येऊ दे. माझ्या वर्गात त्या शून्यानंतर ‘क्रमानं’ हा शब्द मला दुसऱ्यांदा उच्चारावा लागला नाही.

१७. उत्तर ऋण आलं तर पोरांना ते पुसू देऊ नकोस — ते चिन्ह सांगतं की तू शेताला घड्याळाच्या दिशेनं फेरी मारलीस. चिन्हातही निरोप असतो. केवळ मूल्य घ्यायचं ते निरोप वाचून झाल्यावर.

१८. निर्देशक मोठे असतील तर आधी शेताचा एक कोपरा सगळ्यांतून वजा कर, मग क्षेत्रफळ काढ — मोठ्यातून मोठं वजा, हाती राहतो कोंडा.

ही शेवटची म्हण माझीच आहे, आणि ती मला महाग पडलेली आहे. पुण्याजवळचं शेत घे. मीटरांतल्या नकाशात तिथला पूर्वेचा आकडा पावणेचार लाखांच्या पुढे असतो आणि उत्तरेचा वीस लाखांच्या वर. दोघांचा गुणाकार साडेसात लाख कोटींच्या… थांब, मीही घाई करतेय, शून्यं मोजू दे. साधारण ७८० अब्ज, म्हणजे ७८ हजार कोटी. आता हा हिशेब ३२ बिटांच्या फ्लोटिंग पॉइंटमध्ये, म्हणजे सात-एक अंकांच्या भांड्यात ठेवला, तर एवढ्या उंचीवर लागोपाठच्या दोन आकड्यांमधली पायरी ६५,५३६ ची असते. ६५,५३६ चौरस मीटर म्हणजे सोळा एकर! अर्ध्या एकराचं शेत त्या जिन्यावर दिसणार तरी कसं? मला एकदा एका प्लॉटचं क्षेत्रफळ शून्य आलं आणि मी दोन दिवस सूत्रात चूक शोधत बसले. सूत्र बरोबर होतं. एक कोपरा वजा केला, आकडे शे-दोनशेच्या घरात आले, आणि उत्तर सरळ समोर आलं. शून्यं मोजताना वर मी अडखळले, ते मुद्दाम खोडलेलं नाही. मोठे आकडे प्रत्येक वेळी असेच बोट लावून मोज.

१९. ०.१ संगणकात नेमका बसत नाही, हे पहिल्याच आठवड्यात दाखव — ०.१ आणि ०.२ ची बेरीज छापून बघायला लाव, ०.३०००००००००००००००४ येईल. हे एकदा डोळ्यांनी पाहिलेलं पोर पुढे दोन दशांश आकडे बरोबर-चिन्हानं कधी ताडत नाही.

२०. यंत्रावर राग काढू नकोस, त्याचा नियम समजावून सांग — ०.१ ला दोनच्या घातांत लिहायला गेलं की एक तृतीयांशासारखी न संपणारी रांग लागते, कुठेतरी तोडावीच लागते. कुठे आणि कशी तोडायची याचं मानक १९८५ मध्ये ठरलं, त्यात विल्यम काहान यांचा मोठा वाटा.

२१. तोडताना नुसतं छाटू नकोस, जवळच्या आकड्याला नेऊन ठेव — छाटणी नेहमी एकाच बाजूला झुकते. व्हँकुव्हरच्या शेअर बाजाराचा निर्देशांक १९८२ मध्ये १००० पासून सुरू झाला आणि दर बदलाला तिसऱ्या दशांशानंतरचं छाटलं गेलं. १९८३ च्या नोव्हेंबरात तो ५२४.८११ दाखवत होता, नीट मोजल्यावर १०९८.८९२ निघाला.

२२. बारीक चूक किती वेळा मिसळली जाणार ते मोजून सांग — थेंबाला हसू नकोस, रात्रभर गळणारा नळ ऐक.

हा मुद्दा शिकवताना माझा आवाज दर वर्षी खाली येतो. २५ फेब्रुवारी १९९१, सौदी अरेबियातलं धाहरान. तिथली क्षेपणास्त्र अडवणारी यंत्रणा वेळ एक दशांश सेकंदांत मोजत होती, आणि तो ०.१ चोवीस बिटांत तोडून ठेवलेला होता. दर ठोक्याला सेकंदाच्या एक कोटीव्या हिश्श्याएवढीच खोट. यंत्रणा सुमारे शंभर तास सलग चालू राहिली, आणि खोट साठत साठत एक तृतीयांश सेकंदापर्यंत गेली. तेवढ्या वेळात समोरून येणारं क्षेपणास्त्र अर्ध्या किलोमीटरहून जास्त पुढे सरकतं. यंत्रणा चुकीच्या जागी पाहत राहिली आणि अठ्ठावीस सैनिक गेले. पोरांना हे घाबरवायला सांगू नकोस. ‘किती वेळ चालू राहील?’ हा प्रश्न त्यांच्या तोंडी बसावा म्हणून सांग.

२३. वर्गसमीकरणाचं शाळेतलं सूत्र शिकवलंस की ते कुठे फसतं तेही शिकव — क्ष² + १०००००००० क्ष + १ = ० याचं लहान मूळ जवळजवळ उणे ०.०००००००१ आहे, पण शाळेच्या सूत्रानं संगणक उणे ०.०००००००००७४५ च्या आसपास… नाही, एक शून्य जास्त पडलं बघ: उणे ०.००००००००७४५ देतो. पाव हिस्सा उत्तर नाहीसं झालं. मोठं मूळ आधी काढ, मग दोन्ही मुळांचा गुणाकार १ असतो त्यावरून लहान काढ, वजाबाकीच टळते.

२४. इतकी शून्यं असतील तर आकडा घातांकात लिही — वर माझं काय झालं ते पाहिलंसच.

२५. तीन बाजूंवरून त्रिकोणाचं क्षेत्रफळ काढायचं हेरॉनचं सूत्र शिकवताना सुईसारखा त्रिकोण जरूर दे — अर्धपरिमितीतून बाजू वजा करताना तिथे सगळे अंक गळतात. काहान यांनी बाजू मोठ्याकडून लहानाकडे लावून एक मांडणी दिली आहे. तिच्यातले कंस जसेच्या तसे ठेवायचे, बीजगणितानं सोपे करायला जायचं नाही.

२६. पृथ्वीवरची जवळची अंतरं काढायला कोसाइनचं सूत्र देऊ नकोस, हॅव्हरसाइन दे — लहान कोनाची कोसाइन १ ला इतकी चिकटते की सात अंकांच्या हिशेबात एक किलोमीटरवरची दोन देवळं एकाच ओट्यावर येतात.

२७. आणि हॅव्हरसाइन पृथ्वी गोल धरते हेही बोल — विषुववृत्ताकडे त्रिज्या ६३७८.१३७ किलोमीटर, ध्रुवाकडे ६३५६.७५२, गोल धरल्याची किंमत अर्ध्या टक्क्यापर्यंत जाऊ शकते. नदीकाठचं गाव सांगायला चालतं, बांधाचा दगड रोवायला चालत नाही.

२८. ‘जवळजवळ समान’ साठी एप्सिलॉन घेतलास तर तो एवढाच का, ते एका ओळीत लिही — मीटरांतल्या नकाशाला शोभणारा एप्सिलॉन अंशांतल्या नकाशात अख्खा वाडा गिळतो.

२९. क जवळजवळ ख, आणि ख जवळजवळ ग, म्हणून क जवळजवळ ग असं धरू नकोस — शेजाऱ्याचा शेजारी, पार वेशीबाहेरी.

३०. कॉन्व्हेक्स हल व्याख्येनं सुरू करू नकोस, अंगणात खुंट्या ठोकून भोवती रबर सोडून दाखव. पण मग व्याख्या दिल्याशिवाय धडा संपवूही नकोस — रबर पटवतं, व्याख्या टिकवते. सगळ्या खुंट्या एका रेषेत असल्या तर रबराचं काय होतं, हे व्याख्येलाच विचारावं लागतं.

३१. अल्गोरिदमचं नाव घेतलंस की कोणता आणि केव्हाचा ते सांग — रोनाल्ड ग्रॅहम यांचा १९७२ चा कोनानं बिंदू लावतो, अँड्र्यू यांचा १९७९ चा आधी क्ष आणि मग य पाहून लावतो. कोन काढावाच लागत नाही म्हणून नवख्याला मी दुसरा देते.

३२. ‘कागदावर सिद्ध झालंय’ आणि ‘संगणकावर चालतं’ यांच्यामध्ये एक ओढा आहे, तो पोरांना हात धरून ओलांडू दे — सिद्धता खऱ्या संख्यांवर असते, यंत्र तोडलेल्या संख्यांवर चालतं.

कर्ट मेलहॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००४ मध्ये खास वर्गात दाखवण्यासाठी अशी उदाहरणं गोळा केली. एका रेषेच्या अगदी जवळ बिंदू ठेवायचा आणि त्याला कणाकणानं सरकवत विचारायचं: डावीकडे की उजवीकडे? उत्तर एका जागी डावं, शेजारी उजवं, पुन्हा डावं, असं चिंध्या झालेल्या काठासारखं येतं. त्या एका चुकीच्या उत्तरावर हलचा अल्गोरिदम चालला की कधी उघडउघड बाहेरचा बिंदू आत धरला जातो, तर कधी प्रोग्राम थांबतच नाही. हे चित्र वर्गात दाखवशील त्या दिवशी दुसरं काही शिकवू नकोस. त्यावर उपायही आहे: जोनाथन श्यूचक यांनी १९९७ मध्ये दाखवलं की आधी भराभर मोजावं, शंका आली तरच जास्त अंक घेऊन पुन्हा मोजावं, आणि चिन्ह मात्र खात्रीचं द्यावं. बाजारातला हुशार वाणी सोनं काट्यावर तोलतो आणि बटाटे ताजव्यात, तसंच हे.

३३. बिंदू बहुभुजाच्या आत की बाहेर, हे शिकवताना किरण एखाद्या शिरोबिंदूतूनच सोडून दाखव — तो कोपरा दोन्ही बाजूंचा असतो, दोनदा मोजला जातो, आणि आतला माणूस घराबाहेर पडतो. बाजूचं एक टोक किरणाच्या वर आणि दुसरं किरणावर किंवा खाली असेल तरच ती मोजायची, एवढा नियम पुरतो.

३४. काठावरचा बिंदू आत की बाहेर, हे तू ठरव आणि लिहून टाक — दोन्ही उत्तरं चालतात, न लिहिलेलं चालत नाही.

३५. न्यूटनची रीत शिकवताना आधी ती जिंकताना दाखव: २ चं वर्गमूळ, सुरुवात १ पासून, मग १.५, मग १.४१६६…, मग १.४१४२१५… — बरोबर अंक दर पावलाला साधारण दुप्पट होतात, पोरांचे डोळे चमकतात.

३६. आणि त्याच तासाला ती हरतानाही दाखव: क्ष³ − २क्ष + २, सुरुवात ० पासून — ० वरून १, १ वरून ०, पुन्हा १, झोका चालू राहतो, घर येत नाही. म्हणून पावलांची कमाल मर्यादा प्रत्येक प्रोग्रामात घाल.

३७. जाळी बारीक करून उत्तर बदलतं का ते बघितल्याशिवाय कोणाला आकडा देऊ नकोस — जाड गाळणीतून रवाही मैदा दिसतो. १९९१ मध्ये नॉर्वेच्या किनाऱ्याजवळ स्लाइप्नर नावाच्या तेल-प्लॅटफॉर्मचा काँक्रीटचा पाया बुडाला. संगणकातल्या जाळीनं एका ठिकाणचा कातरताण ४७ टक्के कमी दाखवला होता.

३८. प्रश्न नाजूक आहे की रीत कच्ची आहे, हे वेगळं करून सांग — विल्किन्सन यांच्या विसाव्या घाताच्या बहुपदीची मुळं १ ते २० इतकी साधी, पण एकच सहगुणक −२१० वरून किंचित हलवला की काही मुळं संमिश्र संख्यांत जातात. तिथे कितीही चांगली रीत आणलीस तरी दोष प्रश्नाचाच.

३९. ‘वेगवान’ हा शब्द एकटा सोडू नकोस, किती बिंदूंना किती पावलं ते सांग — दहा लाख बिंदूंना क्रमानं लावायला दोनेक कोटी तुलना, आणि प्रत्येकाला प्रत्येकाशी ताडायला लाख कोटींच्या घरात. फरक असा सांगितला की विशेषणाची गरज उरत नाही.

४०. प्रत्येक रीतीला एक उदाहरण हातानं शेवटपर्यंत सोडव, अधलंमधलं ‘हे उघड आहे’ म्हणून गाळू नकोस — ‘उघड आहे’ लिहायला हात उचललास की समज, तिथेच तुला खात्री नाही.

४१. कोड आणि स्पष्टीकरण एकाच दिवशी दुरुस्त कर — कोड बदलला आणि वाक्य जुनं राहिलं की वाचक वाक्यावर विश्वास ठेवतो, आणि दोष स्वतःच्या बुद्धीला देतो.

४२. तपासणीला शून्य बिंदू दे, एक दे, दोन दे, सगळे एकाच जागी दे, सगळे एका रेषेत दे — कंदील कोपऱ्यात धर, अंगण आपोआप दिसतं.

४३. कोणी चूक दाखवली तर आधी त्याचंच उदाहरण चालवून बघ, उत्तर नंतर दे — मी एकदा वर्गातल्या मागच्या बाकावरच्या मुलाला ‘नीट वाच’ म्हणाले होते. घरी येऊन पाहिलं तर तो बरोबर होता. दुसऱ्या दिवशी फळ्यावर त्याचं उदाहरण मांडून दुरुस्ती केली, पण आदल्या दिवशीचा त्याचा उतरलेला चेहरा मला अजून आठवतो.

४४. दुरुस्ती केलीस की काय चुकलं होतं तेही लिही, गुपचूप पान बदलू नकोस — ज्यानं जुनं पान उतरवून घेतलं, त्याला कळायला हवं.

४५. धडा लिहून झाला की भूमिती न येणाऱ्या माणसाला मोठ्यानं वाचून दाखव — त्याला सगळं कळणार नाही, पण तू कुठे अडखळतेस ते त्याला बरोबर ऐकू येतं. तुझ्या बाबांना बसव. ते पेपर बाजूला ठेवून ऐकतील.

वहीवर पेन्सिलीनं खुणा केल्या आहेत, लाल फक्त तीन ठिकाणी. पहिल्या धड्यातला चौकोन, तिसऱ्यातला ‘प’ आणि ‘अ’, आणि सातव्यातला तो एप्सिलॉन, जो कुठून आला ते मला सापडलं नाही. रविवारी दुपारी ये. येताना सुतळी आणि चार सारख्या काठ्या आण. पहिल्या धड्याची आकृती अंगणातच काढू, आणि कर्ण तू धर.

— मावशी